खुंटा धारेतच गाडायचा

— बसा ना मॅडम, बाजेवर बसा, चहा ठेवला हाये. दुर्गाची एसटी लाखनीवरून निघाली असंल, येईलच. नाई, मी कुठं नाई म्हटलं? तिच्या बापानं हो म्हटलं, मायनं हो म्हटलं — परीक्षा होतपर्यंत नात भंडाऱ्याले तुमच्या घरी राहील, तुमीच शिकवाल, तुमच्याच पंगतीत जेवंल. मी कोण हो? नुसती आजी.

पण ते आडव्या रेघेचं सांगतोच तुमाले. तुमी शिकवून गेल्या — एक रेघ दिली तर तिले काटकोनात दुसरी कशी काढाची — अन् पोरगी रडाले लागली. मी म्हटलं, रडतं कायले? आपण ढिवर, जाळं नाई का लावत? धार अशी जाते, जाळं तिले बरोबर आडवं. जराही तिरपं झालं का मासोळी काठाकाठानं निसटते. समजलं ना तिले लगेच. उताराचा आकडा उलटा कर, चिन्ह बदल, हे तुमचं — पण समजलं ते माझ्या जाळ्यानं, हे लक्षात ठेवा.

मंग चुकली, हाव, चुकली. पेपरात आडवी जिथून न्याची ते ठिकाण दिलं होतं चार-तीन, रेघेपासून दूर. तिनं ते सोडलं, अन् रेघेवरचंच शून्य-एक घेऊन तिथून आडवी नेली. काहून? तर जाळ्याचा खुंटा कोणी सुक्यात गाडते का — धारेतच गाडते. माझीच नात ती. तुमी हासल्या. वाईट मनानं नाई, मले माहीत हाये, पण हासत इचारलं, हे कोणं शिकवलं तुले? मी या दारामांगंच होतो, तांदूळ निवडत. अन् तिनं सांगतलं — कोणीच नाई.

तवापासून डोक्याले तेल लावू देत नाई मले. भांग बाजूनं काढते, तुमच्यासारखा. उठता मॅडम, बसता मॅडम. राती गोष्ट सांगाले बसलो का म्हणते, आजी, ऐकली हाये ना ही. ऐकली हाये म्हणे. अन् तुमची तीच ती रेघ दहादा ऐकते, तिचा कंटाळा नाई येत.

शाळेचं तोंड नाई पाहिलं मी, पण कानावर पडलेलं विसरत नाई — धरणाच्या पाण्यात गेलं ते आमचं जुनं गाव अजून घरोघर सांगतो. म्हणून दाखवू? रेघ, वाय बरोबर दोन एक्स अधिक एक. तिचा उतार दोन, आडवीचा उणे एक छेद दोन. ठिकाण दिलेलंच घ्याचं, चार-तीन, आपल्या मनचं नाई. एक्स अधिक दोन वाय बरोबर दहा. चार अन् दोनदा तीन — झाले ना दहा? दारामांगं बसून पाठ केलं. म्हटलं, पुन्हा अडली का मलेच इचारंल. रोज वाट पाहिली.

अडलीच नाई ती. तुमी शिकवलंच तसं.

काय पाहून राहिल्या? चहा घ्या, थंडा होते. त्या दोन रेघा एकाच जागी भेटतात म्हणता ना तुमी — अन् मंग? राहू द्या, सांगू नका.

एसटी आली वाटते. पिशवी दाराशी भरून ठेवली हाये, वरती तेलाची शिशी हाये, तुमच्या हातानं लावून देजा. निघा आता. तिले रस्त्यावरूनच घेऊन जा, मॅडम — घरात आणू नका.