काळा मेंढा आणि विलायती मेंढा

सन १९४६ चा चैत्र. गुरांच्या दवाखान्यासमोर मेंढे दोन, माणसे चार: मेंढकी बायडाबाई, पैदास खात्याचे दत्तोपंत, हातात खच्ची करायचा चिमटा धरलेले डॉक्टर आणि रांगेत मी. दोन्ही मेंढे सुप्याहून बरोबरच उन्हात चालत आले होते.

“बाई, तुझा काळा मेंढा आज खच्ची करायचा. कळपाला यापुढे हा विलायती.”

“ह्यो? जीभ बगा त्याची, हातभर भायेर आलीया.”

“लोकर बघ! तुझ्याच्या पोटावर केससुद्धा नाही.”

“न्हाई म्हनून तर गार ऱ्हातो. तुमी पोटाला रजई बांदून सुप्यापातुर चालून दावा, रावसायेब.”

“आणि पाय कसले, नुसत्या काड्या!”

“भुई तापती. लांब पायांनी पोट वर ऱ्हातं. तुमच्या ह्या विलायती जावयाचं भुईला टेकाया आलंय.”

“दमलाय तो, दुसरं काही नाही.”

“मग डाक्टर, ती काचेची कांडी दोगांला लावा. ज्यो जास्त तापलाय, त्यालाच खच्ची करा.”

“लावा, लावा! माझ्या मेंढ्याला सरकारी दाखला आहे.”

डॉक्टरांनी चिमटा खाली ठेवला आणि दोघांना तीन-तीन मिनिटे थर्मामीटर लावला.

काळा, एकशे दोन पूर्णांक आठ. विलायती, एकशे सहा.