पातेल्यावर वाइनची ताटली

...आणि वर म्हणे, काही करायचं नाही! नाही, तुम्हीच सांगा मला, जगात अशी एक तरी वस्तू आहे का, की घरात आणताना लोक म्हणाले ‘काही करायचं नाही’ आणि मग खरंच काही करावं लागलं नाही? कुत्रं आणलं तेव्हा हेच म्हणाले होते. लग्न ठरलं तेव्हाही हेच म्हणाले होते, गेरिनो, तुला काही करायचं नाही, फक्त चर्चमध्ये वेळेवर पोच. पण ते कुत्र्याचं सोडा, लग्नाचंही राहू द्या, मी सांगतोय त्या स्लो कुकरचं.

तुम्हाला सांगतो, आमची मुलगी मिरेल्ला, मिलानला असते, तिने नाताळात आणून दिला हो हा प्रकार. पांढरा, गोल, पोट सुटलेला, वर काचेचं झाकण आणि पुढे एक बटण. आणि मला समजावतेय, कशी, तर मी बालवाडीत असल्यासारखं... ‘बाबा, सकाळी मांस टाकायचं, कांदा, गाजर, सेलरी टाकायची, वाइन ओतायची, झाकण लावायचं, बटण दाबायचं आणि विसरून जायचं. काही करायचं नाही.’ विसरून जायचं! अहो, आमच्या गावात बायकोचा वाढदिवस विसरलेली माणसं आहेत आणि सुखाने नांदतायत, पण शनिवारी शेगडीवर ठेवलेलं स्त्राकोत्तो, आमचं ते वाइनमध्ये शिजणारं मांस, विसरलेला माणूस मला एक दाखवा. एक!

कारण स्त्राकोत्तो नुसतं ठेवून चालत नाही, त्याच्याजवळ बसावं लागतं. मातीचं भांडं, त्यात मांडीचा अख्खा तुकडा, अगदी बारीक आच, सकाळी चढवलं की रात्री उतरवायचं. आणि झाकण? झाकण नाहीच. झाकणाच्या जागी खोलगट ताटली, आणि त्या ताटलीत काठोकाठ लाल वाइन. खालच्या वाफेने वाइन कोमट झाली की ती भांड्यात ओतायची, ताटली परत वर, परत भरायची. आत रस आटत जातो, वरून वाइन पडत जाते, असं ते दिवसभर. आता ती ताटली बघायला माणूस नको का? लागतोच. आणि आमच्या घरात तो माणूस म्हणजे, लग्न होऊन आली त्या आठवड्यापासून, माझी बायको योलांदा.

दर शनिवारी. कारण रविवारी सगळा गोतावळा आमच्याकडे जेवायला. आणि तुम्ही म्हणाल, मग त्यात काय एवढं? त्यात एवढंच, की नदीच्या बांधावरच्या नाचघरात नाच असतो तोही शनिवारी! योलांदा लग्नाआधी अशी मझुर्का नाचायची की वाजवणारे वाजवायचं थांबून बघत बसायचे. त्यानंतर काय, ताटली. ती बोलली नाही हो कधी. पण खिडकी उघडी असली की संध्याकाळी बांधावरून अकॉर्डियन ऐकू येतो, आणि तिचा चमचा भांड्यात त्याच तालावर फिरायला लागायचा. मी पेपराआडून बघायचो. बघायचो आणि पान उलटायचो, आणखी काय करणार?

तर ह्या वेळी ती बोलली. सूप पिता पिता, आवाजही न चढवता. म्हणाली, ‘ह्या शनिवारी मशीन लावायचं. रविवारी तुझ्या आईने ते नाक न मुरडता खाल्लं, तर इथून पुढे दर शनिवारी आपण दोघं नाचायला. आणि तिने नाक मुरडलं, तर मशीन चर्चच्या जुन्या बाजारात, शेगडीपाशी तू, आणि मी नाचायला फेरुच्चोबरोबर.’

फेरुच्चो! तुम्ही पाहिलाय ना फेरुच्चो? औषधांचं दुकान होतं त्याचं, आता मुलाला दिलंय, बायको वारली बिचाऱ्याची, बिचाऱ्याची म्हणतो मी, पण त्याचे बूट बघा. आरशात बघण्याऐवजी बुटात बघून मिशी कातरत असणार. माझ्याच वयाचा आहे, आयुष्यभर काउंटरमागे उभा राहिला आणि गुडघे बघा कसे, लवचिक! आणि मी आयुष्यभर बस चालवली, बसून, तर माझे गुडघे वाजतात. ह्याला काय न्याय म्हणायचा?

आता एक गोष्ट सांगतो, पण बाहेर बोलू नका. मी गॅरेजमध्ये सराव केला. एकट्याने. झाडू धरून. एक दोन तीन, एक दोन तीन... बुटांना नवे तळवे मारून घेतले. बायकोला वाटलं मी गाडी धुतोय. मला नाचायचं होतं हो! तिच्याबरोबर. ह्या वयात तोंडाने सांगायची लाज वाटते म्हणून झाडूला सांगितलं.

तर शनिवार उजाडला. योलांदाने सकाळी सगळं कुकरमध्ये घातलं, काचेचं झाकण लावलं, बटण दाबलं आणि मला म्हणाली, ‘मी केस करून घ्यायला चाललेय, तिथून बहिणीकडे, संध्याकाळी तुला न्यायला येते. तू काही करायचं नाही. झाकणाला हात लावायचा नाही. समजलं?’ समजलं की! काही न करणं ह्या विषयात माझा हात धरणारा जिल्ह्यात कोणी नाही. पेपर उघडला, पाय लांब केले... आणि वरच्या मजल्यावर दार वाजलं.

आई. आर्जेंतिना. नव्वदीला आली, वरच राहते, गुडघे गेले, दात गेले, कान अर्धे गेले, नाक मात्र जन्मली तेव्हासारखं शाबूत. जिना उतरून आली, स्वयंपाकघराच्या दारात उभी राहिली आणि हुंगलं. मग काठी टेकत टेकत मशीनपाशी गेली आणि त्याला कान लावला. बराच वेळ लावला, डॉक्टर छातीला लावतात तसा.

म्हणाली, ‘गेरिनो, हे गेलंय.’

मी म्हटलं, आई, ते मशीन आहे, ते हळू शिजतं. तर म्हणते, शिजतं तर बोलत का नाही? मी जन्मभर रटरट ऐकलीय, हे तर मुकं आहे. मी म्हटलं, हळू शिजतंय म्हणून मुकं आहे. तर म्हणते, तुझे वडीलही शेवटी असेच मुके झाले होते, तेव्हाही तू म्हणालास झोपलेत!

आणि मग तिला दिसलं झाकण. काचेचं. ताटली नाही. तोंडावर हात ठेवून उभी राहिली. मला म्हणाली, ताटलीशिवाय शिजलेलं मी आजवर तोंडात घातलं नाही आणि उद्याही घालणार नाही, मी आपली वर पावदूध खाईन. बघा! आता मी काय करायचं? सगळं अडलंय कशावर, तर हिने उद्या खाण्यावर! न्यायाधीशच म्हणतोय की ताटली नसेल तर मी कोर्टातच येत नाही. इकडे आड तिकडे विहीर! योलांदाचं ऐकलं तर आई खाणार नाही, आईचं ऐकलं तर योलांदा... आणि काही करायचं नाही, म्हणे!

उचललं झाकण. ठेवली ताटली. मापात बसली हो अगदी, तिथेच मी फसलो, मला वाटलं ही मशीन बनवणाऱ्यांचीच इच्छा असावी. लांब्रुस्को वाइनची पहिली बाटली उघडली, भरली काठोकाठ. आई खुर्ची ओढून बसली. कोमट झाली, ओत. ओतली. भर. भरली. ओत. भर. ओत.

मध्येच फोन. योलांदा, डोक्याला सतराशे क्लिपा लावलेल्या असणार, मागे ड्रायरचा आवाज. म्हणते, झाकण उघडलंस? मी म्हटलं, छे! (ते बाजूला ओट्यावर होतं, उघडायचा प्रश्नच नव्हता.) म्हणते, मग आत कसं दिसतंय? मी म्हटलं, न उघडता कसं कळणार? तर म्हणते, मग उघडून बघ ना जरा! आता हिला सांभाळू की हिला? मी दोन मिनिटं तसाच फोन धरून उभा राहिलो आणि म्हटलं, छान दिसतंय. तर म्हणते, ‘उघडलंस ना? तुला सांगितलं होतं उघडू नकोस म्हणून.’

आणि तेव्हा माझ्या लक्षात आलं... शेगडीवर आच असते हो, रस आटतो. ह्या मशीनमध्ये काही आटतच नाही! जे आत जातं ते आतच राहतं. आणि मी आपला सकाळपासून ओततोय! मांस दिसेना. गाजर तरंगायला लागलं. आईला सांगितलं तर म्हणते, ताटली भर. मग मी डावाने काढायला लागलो. एक पातेलं भरलं. दुसरं भरलं. कॉफीची किटली भरली. फुलदाणीतली फुलं काढली, ती भरली. ओट्यावर जिकडे बघावं तिकडे लाल रस्सा, आणि आई म्हणतेय, बघ, आता कसा वास सुटलाय!

संध्याकाळी दार उघडलं. योलांदा. केस असे, हिरवा झगा, तो जुना, बहिणीकडून दोन ठिकाणी सैल करून आणलेला, आणि तुम्हाला सांगतो, मी ताटली हातात धरून तसाच बघत राहिलो. तिने ओटा बघितला. फुलदाणी बघितली. ताटली बघितली. म्हणाली, काढ ती. आई म्हणाली, काढलीस तर मी जेवायला येत नाही. योलांदाने पर्स उचलली. दारातून म्हणाली, ‘ये मग मागून.’

म्हटलं, येतोच!

बूट घालून बसलो होतो हो. नवे तळवे. आई खुर्चीत पेंगायची, मी उठलो की डोळा उघडायची, गेरिनो, कोमट झाली बघ. बांधावरून अकॉर्डियन सुरू झाला, मझुर्काच, आणि माझा हात ताटली ओतताना तालावर पडायला लागला. एक दोन तीन. एक दोन तीन. अशी किती वर्षं तिने काढली असतील, ते मला तेव्हा कळलं, आणि मी ताटलीतलीच वाइन घोटभर प्यायलो. आईला वाटलं मी चव घेऊन बघतोय.

रात्री ती आली ती गुणगुणत. गाल लाल.

रविवार. सगळे जमले. मक्याच्या पिठाची पोलेंता ताटात वाढली, वर मी स्त्राकोत्तो घातलं आणि पोलेंता बुडाली. दिसेनाशीच झाली. मिरेल्ला मिलानहून आली होती, ताटाकडे बघून म्हणाली, बाबा, तुम्हाला काही करायचं नव्हतं ना? जावईबापूंनी काटा ठेवला आणि चमचा मागितला. योलांदा माझ्याकडे बघेना. मीही तिच्याकडे बघेना. सगळे आईकडे बघतायत.

आईने ताट बाजूला सारलं. म्हणाली, वाडगा आण. आणला. त्यात डावाने नुसता रस्सा घातला, वर ग्लासातली उरलेली वाइन ओतली, आमच्या नदीकाठची म्हातारी माणसं जेवणाआधी घेतात तसा वाडगा दोन्ही हातांत धरला, तोंडाला लावला आणि एका दमात रिकामा केला. खाली ठेवला. डोळे पुसले. म्हणाली, ‘असं माझ्या वडिलांच्या घरानंतर कोणी केलं नव्हतं.’ आणि परत घेतलं!

जिंकलो! अहो, मी टेबलाखाली पायाने मझुर्का धरला! योलांदा हसली, मोकळं हसली, माझा हात धरला, सगळ्यांसमोर, आणि म्हणाली, मग आई, आता दर शनिवारी मशीन. आई म्हणाली, हो तर, मशीन चांगलंय. फक्त त्याला बसलेला माणूस लागतो. माझ्या पोराचा हात बसलाय त्यावर, दुसऱ्या कोणाच्या हातचं मला चालायचं नाही. सूनबाई, तू जा खुशाल नाचायला!

योलांदाने माझ्याकडे पाहिलं. मी आईकडे पाहिलं. आईने वाडगा पुढे केला.

तेलही गेलं, तूपही गेलं... पण धुपाटणं नाही आलं हाती, ताटली आली. चार महिने झाले. योलांदाच्या तब्येतीला नाच मानवलाय, दहा वर्षांनी लहान दिसते, आणि मला त्याचं बरं वाटतं, खोटं कशाला बोलू? तिच्याबरोबर नाचणारा माणूसही वाईट नाही हो, तो फेरुच्चो. परवा तिने त्याला रविवारी जेवायला बोलावलं, बिचारा एकटाच असतो म्हणून. दोन वाडगे प्यायला, माझा हात हातात घेतला, आणि म्हणाला, ‘गेरिनोशेठ, तुम्ही जन्मात कधी शनिवारी घराबाहेर पडू नका!’