आबांची नजर

केळीच्या बागेत जन्म गेलेल्या माणसाची नजर कशी चालते, मला अजून उमगलेलं नाही. इंटरकॉलेज बास्केटबॉलची फायनल होती, देवपुरात. हाफ टाइमला आम्ही जळगाववाले धुळ्याच्या सहा पॉइंट पुढे. आता बाजू बदलून आम्ही टाकत होतो ती रिंग धुळ्याला मिळणार, तेवढ्यात माझे आजोबा, आबा, प्रेक्षकांतून उठून थेट रेफरींकडे गेले.

"साहेब, ती तिकडली रिंग चार बोटं खाली शे."

रेफरी हसले, पण टेप लावून बघितली. खरंच चार बोटं खाली!

"आबा, कधी लक्षात आलं तुमच्या?" रेफरींनी विचारलं.

"पहिलाच बॉलले."

"मग तेव्हाच का नाही बोललात?"

आबांनी सरळ माझ्याकडे हात केला. "तवय तठे मना नातू बॉल टाकी ऱ्हायंता ना!"