मागतिणीची वाट

ऐका रे, ऐका! सरका जरा, शेकोटीला पाय लावू नका. आणि त्या भिंतीकडच्या म्हातारीला जागा द्या. तोंडावर पदर धरून बसलीय ना, तीच. बोलत नाही म्हणून ढकलता होय तिला?

तर ऐका. आपल्या ह्या दोन चंद्रांच्या मुलखात पोर जन्मतं ते थंडगार. श्वास चालतो, पण अंगात तेज नसतं. ते आणायचं आत्यानं. डोंगरमाथ्याच्या सड्यावरच्या उजेडकुंडातून, भोपळ्याच्या तुंब्यात भरून, धाकटा चंद्र मावळायच्या आत. आत्या पोचली नाही तर पोर निवतं ते कायमचं. हे तुम्हाला ठाऊक आहे. पण हौसाला त्या रात्री ते जसं कळलं, तसं कुणाला न कळो!

हौसाचा भाऊ धोंडू. कितीतरी वर्षांनी त्याच्या घरी पाळणा हलणार होता, आणि पोर जन्मलं नेमकं दिवस बुडाल्यावर. धोंडू दारात हात चोळत म्हणाला, "अक्का, गाडीवाटेनंच जा हं."

"गाडीवाटेनं गेले तर तुझ्या पोराच्या बारशालाच पोचेन!" असं म्हणून हौसा निघाली. कुठल्या वाटेनं? मधल्या! अहो, मधल्या, रात्री कुणी पाय ठेवत नाही त्या!

चढताना काही झालं नाही. कुंडात तुंबा बुडवला, बूच लावलं, पदराखाली धरला. पोटाशी कशी छान ऊब! म्हणाली, चला, झालं काम.

झालं कसलं! उतरताना बांगड्या गुणगुणायला लागल्या. अंगावरचे केस उभे. गवताच्या पात्यापात्यावरून निळ्या ठिणग्या सरासर पळाल्या. हौसा हसली. सड्यावर असं व्हायचंच. पुढे बघते तर दगडावर एक बाई बसलेली.

"बाई गं, चूल विझलीय. थोडं तेज दे."

आता आपल्यात काय रीत आहे? विस्तव मागायला वैरीण आली तरी नाही म्हणायचं नाही. आपण 'ने गं बाई' म्हणायचं, मगच तिनं उचलायचा. हौसाच्या तोंडून सवयीनं गेलं, "ने गं बाई."

बूच जागच्या जागी, आणि तुंबा निम्मा गार! बाई गायब!

हौसानं पाय उचलला. वळणावर पुन्हा तीच बाई. या वेळी उभी. टाचा आणि जमीन यांच्यामध्ये निळा जाळ, आणि बाई त्या जाळावर! आवाज मात्र इतका केविलवाणा...

"बाई गं, भाचा निजलाय थंडगार. थोडं दे ना."

कुठल्या आत्याला हे ऐकवेल? हौसाचं काळीज हललं. "ने" एवढं तोंडातून निघालं आणि तिनं जीभ चावली. उशीर झाला! तुंब्यात उरली मोहरीएवढी ठिणगी.

तेव्हा तिला उमगलं. ही मागतीण! हीसुद्धा कुणाची तरी आत्याच. कुंडावरून येताना जिचा तुंबा वाटेत फुटला, ती. अजून भाच्यासाठी मागत फिरते.

आता तिसऱ्यांदा मागितलं तर? नाही म्हणायची जिभेला सवयच नाही! मग हौसानं काय केलं असेल? बूच उपटलं, तुंबा तोंडाला लावला आणि ती ठिणगी घेतली जिभेवर. ओठ गच्च मिटले. आता बोलायचंच नाही!

जीभ चरचर भाजतेय, डोळ्यांतून पाणी वाहतंय, आणि हौसा पळतेय! मागून सगळा डोंगर निळा पेटला. दगड ओरडायला लागले, "दे! दे! दे!" झाडं वाकून ओरडायला लागली, "दे!" आणि समोर, वाटेच्या तोंडाशी, कोण? धोंडू!

"अक्का, आणलंस? दे इकडे. पोर निवत चाललंय गं!"

तोच आवाज. तेच हात चोळणं. हौसाचे ओठ सुटणार, एवढ्यात तिची नजर खाली गेली. आभाळात दोन चंद्र, आणि धोंडूला सावली एकही नाही!

ती सरळ धावली. त्याच्या अंगातून! आरपार! बर्फात घुसावं तशी. ओरडली असती, पण ओरडायचं कशानं?

घर आलं. दारात धोंडू. "अक्का, आणलंस?" हौसानं खाली पाहिलं. सावल्या दोन, लांबच लांब. तरी चकार शब्द नाही. त्याला ढकललं, पोर उचललं, तोंडाला तोंड लावलं आणि फुंकलं. काही नाही. बाहेर धाकट्या चंद्राची नुसती कड उरलेली. पुन्हा फुंकलं. पोरानं लाथ झाडली आणि असं भोकाड पसरलं की गोठ्यातल्या गाईंनी दावी तोडली!

हौसा मात्र त्यानंतर बोलली नाही. जीभ गेली. ही सगळी हकिगत तिनं हातवारे करून सांगितली. आम्हाला कळायला अख्खा पावसाळा लागला!

ते पोर कुठाय म्हणता? हा काय, तुमच्यातले दाणे पळवणारा हा गेनू. एवढा बाप्या झाला, तरी आत्यानं डोळे वटारले की गप्प बसतो.

म्हणून सांगतो, मधल्या वाटेनं जाऊ नका. कितीही घाई असो. मागतिणीची दया मलाही येते रे. पण दया करायची ती आपल्या उंबऱ्यावर, आणि आधी सावल्या बघून.

खोटं वाटतंय? हसताय? हौसाक्का, ही पोरं हसताहेत बघ. तू पण हसतेस? अगं, पदर सुटला!

बघा, बघा रे भिंतीकडे! शेकोटी तर केव्हाच विझलीय. मग हा उजेड कुणाचा?