पटकथेत नसलेलं वाक्य

कानाच्या डॉक्टरांकडे माझ्या शेजारी दोन निवृत्त फौजी बसले होते. त्यांतले एक, साहेब, आता वेब सिरीज लिहितात आणि दिग्दर्शित करतात, हे बोलण्यावरून कळलं. दुसरे त्यांच्याच तुकडीतले हवालदार.

“हवालदार, तुमचा बरा कान कुठला?”

“डावा, साहेब.”

“मग हा हेडफोन त्याला लावून ऐका. परवा झालेल्या शूटिंगचं रेकॉर्डिंग आहे. आपल्या तुकडीतला बारक्या खंदकात मरून पडलाय, तो प्रसंग.”

“गोळी लागताच गेला, असंच दाखवलंत ना?”

“हो. त्याच्या आईला आपण तेच सांगितलं होतं. ऐका.”

“साहेब... ‘मला टाकून जाऊ नका.’ हा बारक्याचाच आवाज आहे.”

“ते वाक्य मी लिहिलेलं नाही.”

“मग त्या नटाला कोणी सांगितलं?”

“विचारलं मी. म्हणतो, सर, मी मेलेलो होतो, तोंड कशाला उघडू?”

“तेव्हा खंदकात त्याच्याजवळ आपण दोघंच होतो. मी बायकोपाशीही कधी बोललो नाही.”

“मीही नाही.”

“पुसून टाका, साहेब.”

“तीनदा पुसलं. दर वेळी पुढचं थोडं जास्त ऐकू येतं. आता तो आपल्या दोघांना नावानं हाका मारतो.”

“मग काय करणार?”

“प्रसंग बदलला. तो जिवंत आहे आणि आपण निघून जातोय, असं लिहिलंय. पण त्याच्या आईनं ते पडद्यावर बघायच्या आधी मीच सांगायला हवं. आत्ता तिकडेच निघालोय.”

“एकटे नका जाऊ.”

नर्सनं हवालदारांचा नंबर पुकारला, तेव्हा दोघंही जिना उतरत होते.