रिकामा पाळणा आणि भारताचा गोल

तुला सांगते, परवा नवरा टीव्हीवर भारताची फुटबॉल मॅच बघत होता आणि मी बाळाला मांडीवर घेऊन मोबाईलवर एका सिनेमाचा ट्रेलर. त्यात रिकामा पाळणा आपोआप हलतो.

सासूबाई डोकावल्या. "बंद कर बाई ते! रिकामा पाळणा हलला की लेकराचं पोट दुखतंय."

"आई, ते एकटेपणाचं प्रतीक आहे," मी एम.ए.च्या थाटात म्हणाले.

तेवढ्यात "गोल!" ओरडत नवरा उडाला आणि त्याचा धक्का आमच्याच रिकाम्या पाळण्याला लागला. मी बाळासकट धावले आणि पाळणा धरला.

"आता कामून धरलास? प्रतीकच हाय की!" सासूबाई म्हणाल्या.

गोल ऑफसाईड ठरला, नवरा मटकन बसला. मी मात्र बाळाला ढेकर येईपर्यंत पाळणा धरून उभी.