शेवंतीबाईंचा आवाज

...आणि तक्रारीच्या अर्जात शुद्धलेखन चुकलं असेल मॅडम, माफ करा — आठवीतच शाळा सुटली, शब्द साधेच आहेत माझे. बसू? बसतो. हो, करी रोडची चाळ — बिल्डरचे फोन येतात, खोली सोडायची संमती द्या म्हणून. फोन काय सगळ्यांनाच येतात, त्यात काय एवढं, म्हणता? तेच सांगतोय — त्या फोनवर माझी आई बोलते. शेवंती नाव तिचं. गेली ती, शिमग्याच्या आधी.

नाही नाही, वेडा नाही मी. लोअर परळला मिल होती तिथे आता काचेच्या बिल्डिंगीत कंपनी आहे ना, मशीनला बोलायला शिकवतात — त्यांची पोरं आली होती, मालवणी बोलणारं माणूस पाहिजे म्हणून. सगळ्यांनी आईकडेच बोट दाखवलं. आमच्या गणपतीत माईक तिच्याकडेच — हरवलेलं पोर, महाप्रसाद, सगळं तीच पुकारायची. त्यांनी दिलं ते वाचत बसली, त्यांनी आवाज भरून घेतला, बदल्यात मिक्सर मिळाला, खूश! ‘माझो आवाज आता म्हातारो होवचो नाय,’ म्हणाली. पुढे तो कुणाला विकणार, हे कोण विचारतं?

आता तीच सांगते — ‘संमती देवची असात तर एक दाबा, नको असात तर दोन, परत आयकूचा असात तर तीन.’ अर्ध्या चाळीने एक दाबला. शेवंतीकाकी सांगते म्हणजे चांगलंच असणार — खांदा दिलेली माणसं बोलतात हे, हां! एकट्या गंगुबाईंनी दोन दाबला. ‘मेल्यांनो, तिच्या तोंडातून मागतास?’ म्हणाल्या. त्यांना परत फोन आला नाही.

बाबा? बाबा तिच्याशी बोलतात मॅडम. गुडघा दुखतो, आपल्या रश्मीला, म्हणजे माझ्या बहिणीला, दिवस गेलेत — सगळं. ती मधेच ‘एक दाबा’ म्हणते, तर हे म्हणतात, गो थांब, आयक तरी. काल म्हणाले, तू म्हणतस तर उद्या दाबतंय. खोली त्यांच्या नावावर — म्हणून तर आलो, तो आवाज बंद करा म्हणून.

मग आज दाबला का, म्हणता? सकाळी फोन मीच त्यांच्या उशाखालून काढून घेतला. बाबा नळावर गेले आणि वाजला. दोन दाबायचा, संपलं — ठरवलं होतं मी. दोन दाबला की खोली वाचते, एवढं कळतं हो मला. पण गंगुबाईंना परत फोन...

मी तीन दाबला. मग परत तीन.